वखारवाल्या गव्हर्नरांचं घर

अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्याच्या मध्यभागी मार्शफील्ड हे शहर आहे. तिथल्या वेस्ट थर्ड स्ट्रीटवर १८८० साली बांधलेलं विल्यम अपहॅम यांचं घर आज संग्रहालय म्हणून जपलेलं आहे. उंच खिडक्या, बाहेर गुलाबांची बाग. लाकडाच्या धंद्यातून राज्याच्या गव्हर्नरपदापर्यंत गेलेल्या माणसाचं घर म्हणून ते दाखवतात. मला मात्र ते जळून गेलेलं गाव पुन्हा उभं करणाऱ्या माणसाचं घर म्हणून अधिक मोलाचं वाटतं.

अपहॅम यांची सुरुवातच विलक्षण. १८६१ साली अमेरिकन यादवी युद्धातल्या बुल रनच्या लढाईत विशीतला हा शिपाई गोळी लागून पडला. तो गेला असं समजून घरच्यांनी दुखवटा पाळला, आणि तो निघाला शत्रूच्या ताब्यातल्या रिचमंडच्या तुरुंगात जिवंत! सुटका झाल्यावर अध्यक्ष लिंकन यांनी त्यांना वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत प्रवेश दिला.

लष्कर सोडून ते लाकडाच्या धंद्यात शिरले आणि १८७८ साली मार्शफील्डला आले. भोवती दाट जंगल, रेल्वे नुकतीच पोचलेली. त्यांनी सॉ मिल टाकली. मग फर्निचरचा कारखाना, पिठाची गिरणी, दुकान, बँक असा पसारा वाढत गेला. गावातल्या कित्येक घरांची चूल अपहॅम यांच्या पगारावर पेटत होती.

२७ जून १८८७ रोजी त्यांच्याच वखारीत आग लागली. वाळलेल्या फळ्यांच्या थप्प्या पेटल्या आणि बघता बघता बाजारपेठेची राख झाली. गिरणी गेली, दुकान गेलं. गाशा गुंडाळून दुसरीकडे जाणं त्यांना सहज जमलं असतं. त्यांनी तिथेच गिरणी पुन्हा बांधायला घेतली, आणि मालक हलत नाही म्हटल्यावर गावालाही धीर आला.

१८९४ च्या निवडणुकीत रिपब्लिकन पक्षाच्या अपहॅम यांनी विद्यमान गव्हर्नर जॉर्ज पेक यांना हरवलं. पेक हे खोडकर पोराच्या गोष्टी लिहिणारे लोकप्रिय विनोदी लेखक. अपहॅम मात्र १८९५ ते १८९७ अशी एकच मुदत त्या पदावर राहिले. राज्याच्या माजी खजिनदारांकडची वसुली माफ करणाऱ्या कायद्याला त्यांनी दिलेली मंजुरी बरीच वादग्रस्त ठरली, आणि ती टीका रास्तच होती. मुदत संपल्यावर ते पुन्हा आपल्या धंद्यात रमले. १९२४ साली त्यांचं निधन झालं.

घर पाहून झालं की सेंट्रल अव्हेन्यूवर जरूर फिरावं. आगीनंतर गावाने भर बाजारात लाकडाऐवजी विटांच्या इमारती उभारल्या, त्यांच्यापैकी काही आजही तिथे आहेत.