हरत असताना जिंकलेला मोसम

14 जुलै 2002. कॅलिफोर्नियातल्या लागुना सेका ट्रॅकवर दिवसातली पहिली शर्यत संपली आणि ऑस्ट्रेलियाचा ट्रॉय बेलिस त्या मोसमातला आपला चौदावा विजय घेऊन परतला. तोवर जागतिक सुपरबाइक अजिंक्यपदाच्या सतरा शर्यती झाल्या होत्या. बेलिस आणि दुसऱ्या क्रमांकावरचा टेक्सासचा कॉलिन एडवर्ड्स यांच्यात 58 गुणांचं अंतर होतं आणि नऊ शर्यती उरल्या होत्या. विजेत्याला 25 गुण, दुसऱ्याला 20. म्हणजे एडवर्ड्सने उरलेल्या नऊच्या नऊ जिंकल्या आणि बेलिस प्रत्येक वेळी त्याच्या मागोमाग दुसरा आला, तरी अंतर कमी होणार फक्त 45 गुणांनी. सगळं जिंकूनही पुरणार नव्हतं.

तरीही त्या वर्षी अजिंक्य ठरला एडवर्ड्स. नऊच्या नऊ जिंकून. मोटरसायकल शर्यतींच्या इतिहासात थरारक मोसम कमी नाहीत, पण मला 2002 चा मोसम सगळ्यांत मोठा वाटतो. शेवटच्या नऊ विजयांचं कौतुक सगळेच करतात, आणि ते करावंच. माझं लक्ष मात्र त्याआधीच्या सतरा शर्यतींकडे जातं. हे अजिंक्यपद एडवर्ड्सने हरण्याच्या महिन्यांत कमावलं, असं माझं ठाम मत आहे.

ही स्पर्धा कशी असते, ते आधी पाहायला हवं. ग्रांप्रीमध्ये धावणारं यंत्र केवळ शर्यतीसाठी जन्माला येतं. ते तुम्हाआम्हाला दुकानात मिळत नाही. सुपरबाइकचं तसं नाही. कंपनीने जी मोटरसायकल ठराविक संख्येने बनवून ग्राहकांसाठी विक्रीला ठेवली आहे, तीच इथे उतरवायची. सस्पेन्शन, ब्रेक, एक्झॉस्ट, इंजिनाच्या आतले बरेच भाग बदलता येतात, पण मूळ सांगाडा आणि इंजिनाची मूळ रचना तीच ठेवावी लागते. त्यामुळे कंपन्यांना उलटीकडून विचार करावा लागतो: शर्यत जिंकायची असेल तर तसं यंत्र आधी रस्त्यासाठी बनवा, विका, आणि मग ट्रॅकवर आणा. डुकाटी 916 सारख्या मोटरसायकली रस्त्यावर दिसल्या, त्यामागे शर्यतीच्या याच नियमाचा मोठा वाटा आहे. याच घराण्यातल्या लहान गटात, 2017 साली सुरू झालेल्या सुपरस्पोर्ट 300 मध्ये, केटीएमची आरसी 390 उतरली. ती मोटरसायकल पुण्याजवळ चाकणला, बजाजच्या कारखान्यात तयार होते. कॉलेजच्या पार्किंगमध्ये उभी असलेली गाडी आणि जागतिक ट्रॅकवरची गाडी यांचं हे जे रक्ताचं नातं आहे, तोच या खेळाचा प्राण.

स्पर्धेची कल्पना स्टीव्ह मॅक्लॉघलिन या अमेरिकन माजी रेसरची. पहिली फेरी एप्रिल 1988 मध्ये इंग्लंडच्या डॉनिंग्टन पार्कला झाली आणि पहिली शर्यत जिंकली बिमोटावर बसलेल्या दाविदे तार्दोझीने. पहिलं अजिंक्यपद मात्र होंडा आरसी30 वरच्या फ्रेड मर्केलचं. तार्दोझीचं नाव लक्षात असू द्या. चौदा वर्षांनंतर तो याच कथेत डुकाटी संघाचा व्यवस्थापक म्हणून उभा आहे.

नियमात एक मेख होती. चार सिलिंडरच्या इंजिनाला 750 सीसीची मर्यादा, तर दोन सिलिंडरच्या इंजिनाला 1000 सीसीपर्यंत मुभा. दोन सिलिंडरचं इंजिन चार सिलिंडरच्या इंजिनाइतकं वेगाने फिरू शकत नाही, म्हणून ही सवलत. सुरुवातीला ती न्याय्यच वाटली. पण डुकाटीने दोन सिलिंडरच्या व्ही-ट्विनचा असा काही अभ्यास केला की 1990 पासून अजिंक्यपदांची रांग लागली. रेमंड रोश, डग पोलन, कार्ल फोगर्टी, ट्रॉय कॉर्सर. डुकाटीच्या इंजिनात व्हॉल्व्ह उघडण्यासाठी जशी यांत्रिक योजना असते तशीच बंद करण्यासाठीही असते. नुसत्या स्प्रिंगवर भिस्त नसते. शिवाय व्ही-ट्विनची ताकद वळणातून बाहेर पडताना मागच्या चाकाला सावकाश, समजून-उमजून मिळते. स्वाराला ती हाताळता येते आणि टायरही शेवटपर्यंत टिकतो. 750 सीसीची चार सिलिंडरची यंत्रं सरळ रस्त्यावर किंचाळत जायची आणि वळणात मार खायची.

होंडाने आरसी30 आणि नंतर आरसी45 या चार सिलिंडरच्या गाड्यांवर वर्षानुवर्षं झुंज दिली. 1997 मध्ये जॉन कोचिन्स्कीने त्यांना एक अजिंक्यपद मिळवूनही दिलं. पण शेवटी जपानी अभियंत्यांनी जे केलं ते धाडसाचं होतं. प्रतिस्पर्ध्याच्याच वाटेने जायचं ठरवून त्यांनी स्वतःची 999 सीसीची व्ही-ट्विन बनवली, व्हीटीआर1000 एसपी-1. ती 2000 साली उतरली आणि त्याच वर्षी एडवर्ड्स तिच्यावर अजिंक्य झाला. 2001 मध्ये डुकाटीने अरुंद सिलिंडर-हेडचं नवं टेस्टास्त्रेत्ता इंजिन आणलं आणि अजिंक्यपद बेलिसकडे गेलं. म्हणजे 2002 च्या सुरुवातीला दोन अजिंक्यवीर, एकाच जातीची दोन इंजिनं, दोघांच्या चाकांना मिशलिनचेच टायर. एकाच्या गाडीवर क्रमांक 1, दुसऱ्याच्या गाडीवर 2. तुलना करायला याहून स्वच्छ मांडणी मिळणं कठीण.

माणसं मात्र अगदी वेगळी. बेलिस न्यू साउथ वेल्समधल्या तारीचा. उपजीविकेसाठी गाड्यांना स्प्रेपेंट करणारा हा माणूस रेसिंगमध्ये तसा उशिराच स्थिरावला. 1999 मध्ये त्याने ब्रिटिश अजिंक्यपद जिंकलं. 2000 च्या एप्रिलमध्ये फिलिप आयलंडला पडून फोगर्टीच्या खांद्याची वाताहत झाली आणि त्याची कारकीर्दच संपली. तेव्हा डुकाटीने अमेरिकेत शर्यती करणाऱ्या बेलिसला बोलावून घेतलं. त्याच मोसमात मोंझाला, पहिल्या वळणाआधीच्या एकाच ब्रेकिंगमध्ये त्याने पुढच्या चौघांना मागे टाकलं. ते दृश्य ज्याने पाहिलं त्याला बेलिस काय आहे हे वेगळं सांगावं लागत नाही. मागचं चाक घसरतंय, गाडी अंगाखाली वळवळतेय, आणि हा माणूस थ्रॉटल सोडत नाही.

एडवर्ड्स ह्यूस्टनचा. लोक त्याला टेक्सास टॉर्नेडो म्हणत, पण त्याची खरी कीर्ती टायर ओळखण्याची. मिशलिनचे तंत्रज्ञ चाचणीसाठी ज्याच्यावर विसंबायचे असा तो स्वार. कुठला टायर पंधराव्या फेरीनंतर काय करेल, हे त्याला बसल्या जागी कळायचं. सुपरबाइकमध्ये तेव्हा एका रविवारी दोन शर्यती असत आणि मध्ये जेमतेम काही तास. सकाळी टायरने जे सांगितलं ते ऐकून दुपारच्या शर्यतीसाठी गाडी बदलणं, ही कला अशा वेळी फार कामाला येते.

मार्चमध्ये वॅलेन्सियाला मोसम सुरू झाला. दोन्ही शर्यती बेलिसच्या. फिलिप आयलंड, दोन्ही बेलिसच्या. दक्षिण आफ्रिकेतलं क्यालामी, तिथेही दोन्ही. सहापैकी सहा. जपानच्या सुगोला ही मालिका तुटली. तिथे एक शर्यत एडवर्ड्सने आणि एक स्थानिक होंडावाला माकोतो तामादा याने जिंकली. पण मोंझाला बेलिस पुन्हा दोनदा पहिला. सिल्व्हरस्टोनला दोघांना एकेक. जर्मनीतल्या लाउझित्सरिंगला दोन्ही बेलिसला, मिसानोला दोन्ही बेलिसला. जूनअखेर बहुतेकांनी 2002 चा निकाल मनात लिहूनही टाकला होता.

आणि इथेच थांबून आकडे पाहावेत. सतरा शर्यतींत एडवर्ड्सचे विजय किती? दोन. गुण किती? 327. सरासरी काढली तर प्रत्येक शर्यतीला एकोणीसहून थोडे अधिक, म्हणजे जवळजवळ प्रत्येक वेळी दुसरा क्रमांक. अख्ख्या मोसमातल्या 26 शर्यतींत तो फक्त एकदा पहिल्या तिघांबाहेर राहिला, आणि तेव्हाही चौथा आला. या आकड्यांत केवढा संयम आहे! समोरचा माणूस प्रत्येक रविवारी दोनदा शॅम्पेन उडवतोय, तुमची गाडी त्याच्याहून किंचित कमी पडतेय, आणि प्रत्येक शर्यतीच्या शेवटच्या पाच फेऱ्यांत मोह होतो की आज काय वाटेल ते करून त्याला गाठावं. त्या मोहात पडणारे रेसर वाळूत पडतात आणि वीसच्या जागी शून्य गुण घेऊन परततात. मार्च ते जुलै एडवर्ड्सला ते शून्य एकदाही मिळालं नाही. कसोटीत पाचव्या दिवशी चेंडू सोडत उभ्या राहिलेल्या फलंदाजासारखी ही फलंदाजी होती. 58 गुणांचं अंतर मोठं दिसतं. पण चौदा विजय मिळवणाऱ्या माणसाच्या मागे ते फक्त 58 राहावं, हीच खरी करामत. ते 80 झालं असतं, तर पुढच्या नऊ विजयांनी कोणाचंच काही बिघडलं नसतं.

लागुना सेकाला दुपारची शर्यत एडवर्ड्सने जिंकली. या ट्रॅकवर कॉर्कस्क्रू नावाचं वळण आहे. टेकडीच्या माथ्यावरून ट्रॅक डावी-उजवीकडे वळत सुमारे अठरा मीटर खाली कोसळतो आणि वर असताना स्वाराला खालचं काही दिसत नाही. तिथपासून वारं फिरलं. ब्रँड्स हॅच, दोन्ही शर्यती एडवर्ड्सच्या. ओशर्सलेबेन, दोन्ही. होंडाची व्हीटीआर आता एसपी-2 रूपात होती आणि मोसमाच्या मध्यावर तिच्यात झालेल्या सुधारणा दिसू लागल्या होत्या. पण बेलिसही काही ढासळला नव्हता. तो मागोमाग येतच होता, गुण जमवतच होता, आणि वर सांगितलेलं गणित अजूनही त्याच्याच बाजूने होतं. एडवर्ड्सला जिंकत राहायचं होतंच, शिवाय बेलिसची एक चूक हवी होती.

ती नेदरलँड्समधल्या ॲसनला झाली, 8 सप्टेंबरला. पहिली शर्यत एडवर्ड्सने घेतली. दुसरीत बेलिस पडला. एडवर्ड्स ती शर्यतही जिंकला आणि मोसमात प्रथमच पुढे आला, एका गुणाने. बेलिसला दोष द्यावा असं मला वाटत नाही. ज्या धाडसाने त्याला चौदा विजय मिळाले, त्याच धाडसाची ती किंमत होती. एक घ्यायचं आणि दुसरं नाकारायचं, असं होत नाही. आठवडाभर आधीपर्यंत हातात असलेलं अजिंक्यपद एका घसरणीत सोडून देणं किती जड गेलं असेल, हे मात्र जाणवत राहतं.

29 सप्टेंबर, इमोला. सान्तेर्नो नदीकाठचा हा ट्रॅक डुकाटीच्या बोलोन्याहून तासाभराच्या आत. गर्दी लाल झेंड्यांची, म्हणजे बेलिसची. पहिली शर्यत एडवर्ड्सने जिंकली, बेलिस दुसरा. अंतर सहा गुण. आता दुसऱ्या शर्यतीत बेलिस पहिला आणि एडवर्ड्स दुसरा आला, तरी एडवर्ड्स एका गुणाने अजिंक्य. पण दोघांच्या मध्ये कोणी शिरलं आणि एडवर्ड्स तिसरा झाला, तर बेलिस अजिंक्य. आणि मध्ये शिरू शकेल असा माणूस ट्रॅकवर होता: डुकाटीचाच दुसरा स्वार, स्पेनचा रुबेन शाउस, वेगवान आणि बेधडक. सुरक्षित अशी जागा एकच होती, सगळ्यांच्या पुढची.

पुढचं वर्णन करायला शब्द अपुरे पडतात असं म्हणण्याची पद्धत आहे. मी इतकंच म्हणेन की ही शर्यत आजही शोधून पाहावी. फेरीमागून फेरी दोघं एकमेकांना मागे टाकतात. तोसा वळणाच्या चढावर एक पुढे, रिव्हाझ्झा वळणाच्या उतारावर दुसरा. गाड्या इतक्या जवळ की एकाच्या चुकीत दोघंही जावेत. तरी एकानेही दुसऱ्याला ट्रॅकबाहेर ढकललं नाही. अजिंक्यपदासाठी चाललेल्या लढाईत सभ्यता इतकी उरते, हे पाहून मन भरून येतं. शेवटी एडवर्ड्स पहिला, बेलिस दुसरा. नऊपैकी नऊ. अंतिम गुण 552 आणि 541. विजय अकरा विरुद्ध चौदा. कमी शर्यती जिंकणारा माणूस अजिंक्य झाला आणि त्यात अन्यायाचा लवलेशही नव्हता.

त्या मोसमावर एक आक्षेप नेहमी येतो. 2002 मध्येच ग्रांप्रीने 990 सीसीच्या फोर-स्ट्रोक गाड्यांना दार उघडलं आणि मोठ्या कंपन्यांचं लक्ष तिकडे वळलं. त्यामुळे सुपरबाइकमध्ये खरी चुरस दोघांपुरतीच उरली, असं टीकाकार म्हणतात. एप्रिलियावरचा नोरियुकी हागा, डुकाटीवरचे नील हॉजसन आणि बेन बॉस्ट्रॉम ही नावं काही लहान नव्हती. पण 26 पैकी 25 विजय दोघांनीच वाटून घेतले हे खरंच आहे. मला तो दोष वाटत नाही. त्या दोघांनी एकमेकांना ज्या उंचीवर नेलं, तिथे इतर कोणाला पोचता आलं नाही, एवढाच त्याचा अर्थ.

पुढच्या वर्षी दोघंही मोटोजीपीत, म्हणजे ग्रांप्रीच्या सर्वोच्च गटात, गेले, बेलिस डुकाटीकडून आणि एडवर्ड्स एप्रिलियाकडून. होंडाने व्हीटीआरचा कारखाना संघ मागे घेतला. 2003 मध्ये चार सिलिंडरच्या गाड्यांनाही 1000 सीसीची मुभा मिळाली, तरी ते वर्ष डुकाटी 999 वरच्या हॉजसनचंच ठरलं. होंडाला पुढचं सुपरबाइक अजिंक्यपद 2007 मध्ये मिळालं, जेम्स टोजलंडमुळे आणि चार सिलिंडरच्या फायरब्लेडवर. बेलिस परत आला आणि 2006 आणि 2008 मध्ये पुन्हा अजिंक्य झाला. 2006 च्या अखेरीस जखमी सेते जिबर्नाऊच्या जागी एका शर्यतीपुरता वॅलेन्सियाला उभा राहिला आणि ती मोटोजीपी शर्यतही जिंकून गेला. एडवर्ड्स 2014 पर्यंत मोटोजीपीत धावला. तिथे त्याला एकही शर्यत जिंकता आली नाही.