मुद्देमालाला रोज वैरण लागते

रात्री महामार्गावर टेम्पो अडवला जातो. आत बैल दाटीवाटीने बांधलेले असतात, वेसणी ताणलेल्या, पाण्याची सोय नाही. १९७८च्या प्राणी वाहतूक नियमांप्रमाणे एका मालवाहू वाहनात सहापेक्षा जास्त गुरे नेता येत नाहीत आणि ती प्रवासाला योग्य असल्याचा पशुवैद्यकाचा दाखला सोबत लागतो. दोन्ही गोष्टींचा पत्ता नसतो. पोलीस गुन्हा नोंदवतात. गाडीही मुद्देमाल, बैलही मुद्देमाल. गाडी ठाण्याच्या आवारात वर्षभर उभी राहिली तरी चालते. बैलाला मात्र त्याच सकाळी पाणी आणि वैरण हवी असते. ती कोणी घालायची आणि पैसे कोणी भरायचे, हे खटल्याच्या निकालापर्यंत थांबत नाही. ते पहिल्या काही दिवसांतच ठरते, आणि नेमके तेच दिवस बहुतेक मालक घाबरून घरी बसण्यात घालवतात.

सगळ्याचे मूळ १९६०च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात आहे. त्याच्या कलम ११ मध्ये क्रूरतेचे प्रकार दिले आहेत आणि वेदना होतील अशी वाहतूक त्यांतलाच एक. शिक्षा वाचून माणूस चक्रावतो: पहिल्या गुन्ह्याला दहा ते पन्नास रुपये दंड. साठ वर्षांपूर्वी या रकमेला वजन असेल, आज तेवढ्यात एका बैलाची दिवसाची वैरणही येत नाही. म्हणूनच या खटल्यांत खरी लढाई दंडाची नसते, ताब्याची असते.

सुरुवात पंचनाम्यापासून होते. जप्तीनंतर सरकारी पशुवैद्यकाने प्रत्येक जनावर तपासायचे, जखमा लिहायच्या आणि ओळखीसाठी कानात बिल्ला मारायचा किंवा चिप बसवायची. डागणी द्यायला सक्त मनाई आहे. हे काम नीट झाले नाही तर पुढचे सगळे डळमळते. ‘पांढरे बैल, नग आठ’ एवढेच लिहिले असेल, तर वर्षाने गोशाळेच्या दावणीला उभा असलेला बैल तोच की दुसरा, हे कोण सांगणार? रंग, शिंगांची ठेवण, दातांवरून वय, बिल्ल्याचा क्रमांक हे सगळे जनावरागणिक लिहिले गेले पाहिजे. जनावराच्या कानात आधीचा बारा अंकी बिल्ला असेल तर तोच मालकीचा चांगला पुरावा ठरतो. बाजार समितीची खरेदीची पावतीही जपून ठेवावी.

मग प्रकरण न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे जाते. कलम ३५ त्यांना जनावर उपचारासाठी पशुचिकित्सालयात किंवा पांजरापोळात पाठवण्याचा अधिकार देते. तिथवर नेण्याचा, ठेवण्याचा आणि उपचारांचा खर्च मालकाच्या डोक्यावर येतो. दर जिल्हा दंडाधिकारी ठरवतात आणि भरला नाही तर जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. एक तरतूद मात्र फारशी कोणी वापरत नाही: मालक गरीब असेल तर न्यायदंडाधिकारी उपचारांचे पैसे माफ करू शकतात. अर्जात ते मागावे लागते.

जनावर परत मिळवायचे तर तात्पुरत्या ताब्याचा अर्ज करायचा. जुन्या फौजदारी संहितेत हे कलम ४५१ आणि ४५७ खाली होत असे. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ती कलमे ४९७ आणि ५०३ झाली आहेत. इथे गोशाळाही समोर उभी राहते आणि जनावर आमच्याकडेच राहू द्या म्हणते. १९९८ साली गुजरातमधल्या देवदर पांजरापोळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कलम ३५ खाली पांजरापोळाला ताब्याचा अग्रहक्क नाही. न्यायाधीशांनी पाहायचे ते असे: गुन्हा किती गंभीर, आरोपीवर पहिलाच खटला आहे की आधी शिक्षा झाली आहे, जप्तीच्या वेळी जनावराची अवस्था काय होती, आणि ते परत दिले तर पुन्हा छळ होण्याची भीती किती. पहिलाच खटला असेल तर मालकाचा दावा जड ठरतो. माझ्या मते ही कसोटी आजही सर्वांत न्याय्य आहे, कारण ती कागदाआधी जनावराकडे पाहते.

२३ मे २०१७ रोजी केंद्राने मुद्देमाल जनावरांच्या देखभालीचे नियम आणले आणि पारडे दुसरीकडे झुकले. न्यायदंडाधिकाऱ्यांनी जनावर गोशाळेकडे दिले की देखभालीच्या अंदाजी खर्चाएवढे, जामीनदारांसह बंधपत्र देण्याचा आदेश होतो. ते भरायला आरोपीला आणि मालकाला तीन दिवस मिळतात. तीन दिवसांत बंधपत्र नाही, तर जनावर गोशाळेचे. गाडी तारण म्हणून राहते, आणि गाडीमालक, माल पाठवणारा, घेणारा, दलाल असे सगळे खर्चाला एकत्रित जबाबदार धरले जातात. हातावर पोट असलेल्या शेतकऱ्याला तीन दिवसांत जामीनदार शोधणे किती अवघड आहे, हे तालुक्याच्या कोर्टात एकदा बसले तरी कळते.

याच नियमांत आणखी एक खाच आहे. पन्नास रुपये दंडच आहे ना, मग गुन्हा कबूल करून मोकळे होऊ, असा विचार अनेक जण करतात. पण नियमांप्रमाणे गुन्हा कबूल केला की न्यायदंडाधिकाऱ्यांनी मालकी काढून घ्यायची असते. मूळ कायद्याचे कलम २९ एवढे कठोर नाही: तिथे दोषी ठरल्यावरही मालकी काढणे न्यायालयाच्या विवेकावर आहे, आणि परत दिल्यास जनावराचा पुन्हा छळ होईल असे पुराव्याने दिसावे लागते. ही विसंगती जानेवारी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने केंद्राच्या तोंडावर मांडली. नागपूरचे शरद बोबडे तेव्हा सरन्यायाधीश होते. नियम बदला, नाहीतर आम्ही स्थगिती देऊ, असे न्यायालयाने सुनावले. म्हणून अर्जात कलम २९चा आधार आवर्जून घ्यावा आणि नियमांची त्या दिवशीची स्थिती वकिलाकडून तपासून घ्यावी.

महाराष्ट्रात आणखी एक थर आहे. २०१५च्या दुरुस्तीनंतर राज्याच्या प्राणी संरक्षण कायद्याखाली गाय, वळू किंवा बैल जप्त झाला, तर खटला चालू असेपर्यंत ताबा जवळच्या गोसदन, गोशाळा, पांजरापोळ यांसारख्या तयार असलेल्या संस्थेकडे जातो आणि देखभालीचा खर्च आरोपीवर पडतो. म्हणजे फिर्यादीत कोणता कायदा लावला आहे, ते आधी पाहायचे. फक्त क्रूरतेचा गुन्हा असेल तर मालकाला जागा आहे. प्राणी संरक्षण कायदाही जोडला असेल तर वाट अरुंद होते.

गोशाळांनाही दोष देऊन भागत नाही. मध्यरात्री तीस जनावरे दारात उतरवली जातात, चाऱ्याचे पैसे कधी मिळतील ते ठाऊक नसते, आणि दुष्काळात कडब्याचे भाव चढतात. त्यांनी खर्चाची रोजची नोंद ठेवली, प्रत्येक मृत्यूचे शवविच्छेदन करून ठाण्याला कळवले, तर त्यांचे आणि मालकाचे दोघांचेही भले होते.

आरोपी निर्दोष सुटला तर जनावर आणि बंधपत्रातली न वापरलेली रक्कम परत मिळते. निकालाची प्रमाणित प्रत घेऊन गोशाळेत जावे, बिल्ल्याचे क्रमांक पंचनाम्याशी ताडून पाहावेत, आणि एखादे जनावर कमी भरले तर त्याचा शवविच्छेदन अहवाल लेखी मागावा.