मैदान नकाशात आहे, पण मुलांसाठी उघडे आहे का? एचएसआर लेआउटच्या निमित्ताने

बंगळुरू : शहराच्या आग्नेय भागातील एचएसआर लेआउट ही नियोजित वसाहत. होसूर आणि सर्जापूर या दोन रस्त्यांवरून तिला हे नाव मिळाले. 1980 च्या दशकात बंगळुरू विकास प्राधिकरणाने ती आखली, तेव्हा सात सेक्टर, सरळ रेषेत काटकोनात छेदणारे रस्ते, घरांचे भूखंड आणि मधूनमधून उद्यानांसाठी राखलेले तुकडे असा तिचा आराखडा होता. अशा नव्या वसाहतीत प्रारंभीची अनेक वर्षे बरेच भूखंड मोकळेच असतात आणि मुले त्यांचीच मैदाने करतात. पुढे माहिती-तंत्रज्ञान उद्योगाच्या विस्तारासोबत एचएसआर लेआउट नवउद्यमी कंपन्या, भोजनालये आणि नोकरदारांच्या निवासगृहांसाठी ओळखले जाऊ लागले. मोकळ्या भूखंडांवर इमारती उभ्या राहिल्या आणि रस्त्यांवर वाहनांची गर्दी झाली. त्यामुळे मुलांच्या खेळाचा सारा भार आता नकाशात राखून ठेवलेल्या मोजक्या जागांवर येऊन पडला आहे. म्हणूनच त्या जागांचे कायदेशीर स्थान काय, त्या मुलांना कशासाठी हव्यात आणि त्या प्रत्यक्षात वापरता येतात का, हे तिन्ही प्रश्न एकत्र पाहावे लागतात.

कायद्याचे संरक्षण

कर्नाटकात मोकळ्या जागांच्या बाजूने कायदा भक्कम आहे. बंगळुरू विकास प्राधिकरण अधिनियम, 1976 मधील कलम 16 नुसार वसाहतीच्या एकूण क्षेत्रापैकी किमान 15 टक्के क्षेत्र सार्वजनिक उद्याने व क्रीडांगणे यांसाठी आणि त्याखेरीज किमान 10 टक्के क्षेत्र नागरी सुविधांसाठी राखणे बंधनकारक आहे. अशी राखीव जागा अन्य कारणासाठी विकण्याचा वा देण्याचा अधिकार प्राधिकरणाला नाही. कलम 38-अ नुसार असा व्यवहार झाल्यास तो निरर्थक ठरतो. त्याला 1985 च्या कर्नाटक उद्याने, क्रीडांगणे व मोकळ्या जागा (जतन व नियमन) अधिनियमाचीही जोड मिळाली.

या तरतुदींची कसोटी सर्वोच्च न्यायालयात लागली. बंगळुरूच्याच राजमहाल विलास विस्तारातील उद्यानासाठी राखलेली जागा एका खासगी रुग्णालयासाठी देण्यात आली होती. परिसरातील रहिवाशांनी त्यास आव्हान दिले. बंगळुरू मेडिकल ट्रस्ट विरुद्ध बी. एस. मुद्दप्पा या 1991 च्या निकालात न्यायालयाने ते वाटप रद्द ठरविण्याचा उच्च न्यायालयाचा निर्णय कायम ठेवला. रुग्णालय उपयुक्त असते, यावर वाद नव्हता. तथापि लोकांसाठी राखलेली मोकळी हवा आणि हिरवळ हीदेखील आरोग्याचीच गरज आहे आणि ती खासगी प्रयोजनासाठी हिरावून घेता येत नाही, हे या निकालाने अधोरेखित केले. त्याचप्रमाणे अशा प्रकरणात दाद मागण्याचा रहिवाशांचा अधिकारही मान्य झाला.

आंतरराष्ट्रीय पातळीवर संयुक्त राष्ट्रांच्या 1989 च्या बालहक्क संहितेतील अनुच्छेद 31 विश्रांती, फावला वेळ आणि खेळ हा बालकाचा हक्क मानतो. भारताने 11 डिसेंबर 1992 रोजी ही संहिता स्वीकारली. शिक्षण हक्क अधिनियम, 2009 च्या अनुसूचीतही शाळेसाठी क्रीडांगण आवश्यक मानले आहे.

बाहेरच का खेळावे?

जागतिक आरोग्य संघटनेच्या 2020 च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार 5 ते 17 वयोगटातील मुलांनी दररोज सरासरी किमान 60 मिनिटे मध्यम ते तीव्र स्वरूपाची शारीरिक हालचाल करावी. प्रत्यक्षातील चित्र निराशाजनक आहे. संघटनेच्या पुढाकाराने झालेल्या आणि 2019 मध्ये प्रसिद्ध झालेल्या जागतिक अभ्यासात 11 ते 17 वयोगटातील 81 टक्के मुलांची हालचाल अपुरी आढळली. मुलग्यांमध्ये हे प्रमाण 78 टक्के, तर मुलींमध्ये 85 टक्के होते. व्यायामाचा वर्ग लावून यातील काही तूट भरून काढता येते, परंतु मैदानावरील खेळाचे लाभ स्नायूंपुरते मर्यादित नसतात.

डोळ्यांचे उदाहरण यासाठी बोलके आहे. चीनमधील ग्वांगझू शहरातील 12 शाळांत पहिलीच्या मुलांवर तीन वर्षे एक प्रयोग झाला. निम्म्या शाळांत दररोज 40 मिनिटांचा जादा तास उघड्यावर घेण्यात आला. 2015 मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार तीन वर्षांत नव्याने लघुदृष्टिदोष जडलेल्या मुलांचे प्रमाण या शाळांत 30.4 टक्के, तर उर्वरित शाळांत 39.5 टक्के होते. घरातील दिव्याचा प्रकाश सामान्यतः काहीशे लक्स असतो. उघड्यावर तो हजारो लक्स भरतो. प्रखर नैसर्गिक प्रकाशात दृष्टिपटलात डोपामिन अधिक स्रवते आणि नेत्रगोलाची अवाजवी वाढ रोखण्यास त्याची मदत होते, असे स्पष्टीकरण संशोधक देतात. बंद सभागृहातील व्यायामशाळेत हा लाभ मिळत नाही.

दुसरा लाभ जोखमीच्या अंदाजाचा आहे. झाडावर चढणे, उंचावरून उडी मारणे, वेगाने धावणे यांतून आपल्याला काय पेलवते आणि कुठे थांबावे, हे मूल स्वतःच्या शरीरावरून शिकते. नॉर्वेतील संशोधक एलन सँडसेटर यांनी अशा खेळाचे पद्धतशीर वर्गीकरण केले आहे. कॅनडाच्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनेही 2024 च्या निवेदनात त्याच्या बाजूने मत नोंदविले. येथे जोखीम आणि धोका यांत फरक करावा लागतो. उंच फांदी मुलाला दिसते आणि तिचा अंदाज त्याला घेता येतो. झोपाळ्याची झिजलेली साखळी मात्र त्याला ओळखता येत नाही. तो धोका दूर करणे हे मोठ्यांचे काम आहे. सप्टेंबर 2024 मध्ये बंगळुरूच्या मल्लेश्वरम भागात एका मैदानाचे लोखंडी फाटक कोसळून एका मुलाचा मृत्यू झाला. देखभालीतील हयगय किती महागात पडते, याची ती वेदनादायक आठवण आहे.

तिसरा लाभ सामाजिक आहे. लगोरी, विटीदांडू, लंगडी, आट्यापाट्या या खेळांना पंच नसतो. गडी कसे वाटायचे, बाद कोण, लहानग्याला किती सवलत द्यायची, हे मुलेच भांडून आणि तडजोड करून ठरवतात. एचएसआर लेआउटसारख्या वसाहतीत देशाच्या अनेक राज्यांतून आलेली कुटुंबे राहतात. तेथे या खेळांचे मोल अधिकच वाढते. मराठी मुलाची लगोरी कन्नडमध्येही लगोरीच असते आणि विटीदांडू तेथे चिन्नी-दांडू या नावाने ओळखला जातो. भाषा येत नसली तरी मुलांना एकमेकांचा खेळ कळतो.

वीटही न रचता हरवणारे मैदान

वर पाहिलेले कायदे मुख्यतः बांधकाम आणि विक्री यांपासून जागा वाचवतात. तिच्या वापराचे नियम कसे असावेत, याबाबत ते फारसे काही सांगत नाहीत. परिणामी एकही वीट न रचता मैदान मुलांच्या हातून जाऊ शकते. चालण्याचा मार्ग, शोभेची हिरवळ, फुलांचे वाफे आणि बसण्याची बाके यांनी जागा भरली की धावायला मोकळा पट्टा उरत नाही. चेंडू खेळण्यास मनाई करणारी पाटी लागली की दहा वर्षांवरील मुलांसाठी तेथे काहीच राहत नाही. घसरगुंडी आणि झोपाळा ही साधने लहान मुलांच्या मापाची असतात.

वेळेचाही प्रश्न आहे. बंगळुरूतील अनेक उद्याने पूर्वी दुपारी काही तास बंद ठेवली जात. 2024 मध्ये ती सकाळी 5 ते रात्री 10 पर्यंत खुली ठेवण्याचा निर्णय जाहीर झाला. समुद्रसपाटीपासून सुमारे 900 मीटर उंचीवरील या शहराचे सौम्य हवामान पाहता वर्षातील बहुतांश दिवस बाहेर खेळण्यास अनुकूल असतात. मग अडसर उरतो तो कुलपाचा आणि नियमांचा.

यात ज्येष्ठ नागरिकांची मागणी चुकीची ठरत नाही. त्यांनाही शांत, सुरक्षित फेरफटका हवा असतो आणि भरधाव चेंडूची भीती खरी असते. अडचण अशी की उद्यानाचे नियम ठरविताना फिरायला येणारे प्रौढ आपले म्हणणे मांडू शकतात. मुलांना मात्र तेथे स्थान नसते. घरकामास येणाऱ्या महिलांची आणि बांधकाम मजुरांची मुले तर या चर्चेपासून आणखीच दूर असतात. सदनिका संकुलातील खासगी क्रीडांगण त्यांच्यासाठी नसते, म्हणून सार्वजनिक मैदानाची सर्वाधिक गरज त्यांनाच असते.

थोड्या जागेत काय शक्य आहे?

जागा अपुरी असल्याने काही करता येत नाही, हा समज इतिहास खोडून काढतो. दुसऱ्या महायुद्धानंतर अ‍ॅमस्टरडॅममध्ये वास्तुविशारद आल्डो व्हान आइक यांनी 1947 पासून पुढील तीन दशकांत सातशेहून अधिक छोटी क्रीडांगणे साकारली. रिकामे कोपरे, पडक्या घरांच्या जागा आणि चौक त्यांनी त्यासाठी निवडले. वाळूचा हौद, उड्या मारण्यासाठी दगडी ठोकळे, चढण्यासाठी लोखंडी कमानी अशी साधी साधने वापरली. कोणत्या साधनाशी काय खेळायचे, हे त्यांनी मुलांवर सोडले.

महाराष्ट्रात ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी याच दिशेने आधीच पावले टाकली होती. 1945 मध्ये बोर्डी येथे सुरू झालेल्या आणि पुढे कोसबाडला गेलेल्या त्यांच्या कार्यात पाने, बिया, दगड, माती हेच शिक्षणाचे साहित्य होते. गुरे राखणाऱ्या मुलांसाठी तर शाळाच कुरणावर नेण्यात आली. बंगळुरूस्थित अँटहिल क्रिएशन्स ही संस्था आज टाकाऊ टायरांपासून कमी खर्चात क्रीडांगणे उभारते.

एचएसआर लेआउटसारख्या वसाहतीत यासाठी नवी जमीन संपादित करण्याची गरज नाही. उद्यानातील एक मोकळा पट्टा चेंडूच्या खेळासाठी जाळी लावून वेगळा ठेवता येईल. चालणाऱ्यांना सकाळ आणि मुलांना सायंकाळ अशी वेळांची वाटणी करता येईल. साधनांखाली सिमेंटऐवजी वाळू वा रबरी थर देणे आणि ठरावीक मुदतीने तपासणी करून तिची तारीख फलकावर लिहिणे, हे खर्चिक काम नाही. शाळांची मैदाने सुटीनंतर परिसरातील मुलांना खुली करण्याचा मार्गही आहे. न्यूयॉर्क शहराने 2007 मध्ये तशी योजना हाती घेतली होती. मुलींसाठी पुरेसा उजेड आणि स्वच्छतागृह, तर चाकाच्या खुर्चीवरील मुलांसाठी उतार असलेले प्रवेशद्वार, या बाबी आराखड्यातच असाव्या लागतात.

बंगळुरूच्या नागरी प्रशासनाची घडीही बदलली आहे. सप्टेंबर 2025 मध्ये बृहत् बंगळुरू महानगरपालिकेच्या जागी ग्रेटर बंगळुरू प्राधिकरणाखाली पाच महापालिका अस्तित्वात आल्या. उद्यानांचे नियम आणि देखभालीची जबाबदारी नव्याने ठरविण्यास ही योग्य वेळ आहे. कायद्याने जागा वाचविली आहे. फाटक केव्हा उघडायचे आणि आत काय खेळू द्यायचे, हे मात्र स्थानिक पातळीवरच ठरणार आहे. त्या बैठकीत मुलांची गरज मांडणारे कोणी असेल, तरच शेजारच्या मैदानाचा त्यांना उपयोग होईल.