खाली ‘साभार’ लिहिलं की झालं?

दिवाळी अंक बाजारात आले की काही दिवसांतच त्यांच्या पीडीएफ व्हॉट्सअ‍ॅप आणि टेलिग्रामच्या गटांवर फिरू लागतात. कवितांचंही तेच होतं. कवीनं फेसबुकवर टाकलेली कविता कुणीतरी उचलतं, दोन-तीन हातांतून जाईपर्यंत कवीचं नाव गळून पडतं आणि पुढे तिच्याखाली पु. ल. किंवा कुसुमाग्रजांचं नाव येऊन बसतं. हे करणारी माणसं बहुतेक वेळा वाचनवेडी, भाषेवर प्रेम करणारी असतात. चांगलं वाचलं ते चार जणांना द्यावं, एवढाच त्यांचा हेतू असतो. अडचण आहे ती कायद्याविषयीच्या काही घट्ट समजुतींची. त्यांनी लेखकाचं नुकसान होतं. आणि ही बाजू फारशी बोलली जात नाही, पण त्याच समजुतींनी वाचकाचंही नुकसान होतं. जे खरोखर मोकळं आहे, त्यालाही तो हात लावायला घाबरतो.

सगळ्यांत पक्की समजूत ‘साभार’ची. दुसऱ्याचा लेख पूर्ण घ्यायचा, खाली ‘साभार’ किंवा ‘सौजन्य’ लिहायचं, की जबाबदारी संपली. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात अशी तरतूद कुठेही नाही. नाव देणं आणि परवानगी घेणं ही दोन स्वतंत्र कर्तव्यं आहेत. लेखाच्या प्रती काढण्याचा, तो लोकांपर्यंत पोचवण्याचा, त्याचा अनुवाद किंवा रूपांतर करण्याचा हक्क कलम १४ नुसार मालकाचा. तो वापरायचा तर परवानगी हवी. लेखकाचं नाव लावून घेण्याचा हक्क कलम ५७ मध्ये वेगळा सांगितला आहे. लेखकानं पुस्तकाचे सगळे हक्क प्रकाशकाला विकले, तरी हा हक्क त्याच्याकडेच राहतो. लिखाणाची मोडतोड करून त्याच्या प्रतिष्ठेला धक्का लावला, तर त्याविरुद्ध दाद मागण्याचा हक्कही त्याच कलमात आहे. त्याच्यामागे हे दोन्ही हक्क त्याच्या कायदेशीर प्रतिनिधींना बजावता येतात. शिल्पकार अमरनाथ सेहगल यांनी दिल्लीच्या विज्ञान भवनासाठी केलेलं भित्तिशिल्प सरकारनंच काढून गोदामात टाकलं होतं. शिल्प सरकारच्या मालकीचं होतं, तरीही २००५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं याच कलमाच्या आधारे सेहगल यांच्या बाजूनं निकाल दिला, शिल्प त्यांना परत द्यायला लावलं आणि भरपाईही द्यायला लावली.

नाव काढून टाकणाऱ्यांसाठी २०१२ च्या दुरुस्तीनं कलम ६५ ब आणलं. डिजिटल मजकुरासोबत असलेली हक्कांची माहिती, म्हणजे लेखकाचं नाव, मालकाचं नाव, वापराच्या अटी, जाणूनबुजून आणि अधिकाराशिवाय काढली किंवा बदलली, तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. नाव नसलेली कविता भाबडेपणानं पुढे पाठवणाऱ्याला हे कलम लागत नाही. पण कवितेच्या चित्रावरचं कवीचं नाव कापून तिथे आपल्या पानाचं नाव चिकटवणारे जे करतात, ते या कलमाच्या अगदी दारात उभं राहून करतात.

याच्या जोडीला आणखी काही समजुती आहेत. ‘मी पैसे कमावत नाही, मग काय बिघडलं?’ पैसे न कमावणं रास्त वापर ठरवताना विचारात घेतलं जातं, पण पूर्ण अंक पाचशे जणांना फुकट पाठवणं त्यात बसत नाही, कारण प्रकाशकाची पाचशे प्रतींची शक्यता त्यानं कमी होते. टाळेबंदीच्या काळात वृत्तपत्रांच्या ई-आवृत्त्या टेलिग्रामवर अशाच वाटल्या जात होत्या. ‘दैनिक जागरण’च्या प्रकाशकांनी २०२० मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात जाऊन असे चॅनेल बंद करण्याचा आदेश मिळवला. ‘तीस सेकंदांपर्यंत गाणं वापरलं तर चालतं’ या म्हणण्यालाही भारतीय कायद्यात आधार नाही. तिथे सेकंदांचा, ओळींचा किंवा टक्क्यांचा कुठलाही आकडा दिलेला नाही. आणि ‘कॉपीराइटची नोंदणी केली नाही, म्हणून हक्क नाही’ हेही चूक. लिहिलं त्या क्षणी हक्क निर्माण होतो. नोंदणी ऐच्छिक आहे, पुरावा म्हणून उपयोगी आहे. मुंबई उच्च न्यायालयानं २०२१ मध्ये संजय सोया प्रकरणात हे पुन्हा स्पष्ट केलं.

गाण्याकडे जरा थांबून पाहायला हवं, कारण यूट्यूबवर स्वतःच्या आवाजात भावगीतं गाणारे कितीतरी मराठी गायक-गायिका ‘मी तर स्वतः गायले, मग हरकत कुणाची?’ असं विचारतात. गाणं म्हणजे एक वस्तू नसते, त्यात तीन निरनिराळ्या निर्मिती एकत्र असतात: शब्द, चाल आणि ध्वनिमुद्रण. ‘गीतरामायण’ घ्या. गदिमांचं निधन १९७७ मध्ये झालं, म्हणजे शब्दांवरचा हक्क ३१ डिसेंबर २०३७ पर्यंत आहे. सुधीर फडके २००२ मध्ये गेले, म्हणजे चालींवरचा हक्क २०६२ संपेपर्यंत. ध्वनिमुद्रणाची मुदत मात्र कुणाच्या मृत्यूवरून मोजत नाहीत. ते प्रकाशित झालं त्याच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं. स्वतः गायलात की मुद्रणाचा प्रश्न मिटतो, शब्द आणि चालीचा राहतोच. यूट्यूबची यंत्रणा अनेकदा तुमचा व्हिडिओ काढत नाही, त्यावरच्या जाहिरातींचे पैसे मालकाकडे वळवते. असा दावा म्हणजे न्यायालयाचा निकाल नव्हे. तो चुकीचा असेल तर हरकत घेता येते आणि घ्यावीही.

लग्नातल्या गाण्यांचा मुद्दा गोव्यात चांगलाच पेटला. धार्मिक विधी, वरात आणि लग्नाशी संबंधित सोहळे यांमधल्या संगीताला कलम ५२ मध्ये सूट आहे. जानेवारी २०२४ मध्ये गोवा सरकारनं त्याबद्दल परिपत्रक काढलं. ऑगस्टमध्ये उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठानं ते रद्द केलं. त्यानंतर ‘आता लग्नात गाणी लावायला बंदी’ असा समज पसरला. रद्द झालं ते परिपत्रक. कायद्यातली सूट जागेवर आहे. कुठला कार्यक्रम तिच्यात बसतो, हे त्या त्या वेळच्या वस्तुस्थितीवर ठरतं. लग्नाचा विषय निघालाच आहे तर आणखी एक गोष्ट सांगून टाकतो, कारण ती फार थोड्यांना माहीत असते. पैसे देऊन काढून घेतलेल्या छायाचित्रांचा पहिला मालक, उलट करार नसेल तर, पैसे देणारा असतो. तुमच्या लग्नाचे फोटो छायाचित्रकारानं न विचारता आपल्या जाहिरातीत लावले, तर तुम्हाला बोलायला कायद्यात जागा आहे.

आता लेखकांच्या बाजूकडे येतो. माझ्या मते मराठीत सर्वांत जास्त नुकसान इथे होतं, आणि ते चोरीनं होत नाही, कराराच्या अज्ञानानं होतं. ‘एकदा प्रकाशकाला दिलं की ते त्याचं झालं’ असं कितीतरी लेखक धरून चालतात. कायदा म्हणतो, हक्क हस्तांतरित करायचे तर लेखी करार हवा आणि त्यावर देणाऱ्याची सही हवी. नुसत्या फोनवरच्या होकारानं किंवा लेख पाठवून दिल्यानं मालकी बदलत नाही. त्यानं फार तर तेवढ्या अंकात छापायची मुभा मिळते. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. घेतलेले हक्क एका वर्षात वापरलेच नाहीत, तर करारात वेगळं काही नसल्यास ते लेखकाकडे परत येतात. आणि २०१२ च्या दुरुस्तीनं एक मोलाची गोष्ट केली: करार झाला तेव्हा जे माध्यम अस्तित्वात किंवा व्यापारी वापरात नव्हतं, त्याचा करारात स्पष्ट उल्लेख नसेल तर त्या माध्यमाचे हक्क प्रकाशकाकडे जात नाहीत. ई-पुस्तक, ऑडिओबुक, वेब मालिका या प्रत्येकासाठी वेगळा मोबदला मागणं म्हणजे हावरेपणा नव्हे. ते लेखकाच्या कामाचं मोल आहे. ‘सर्व माध्यमांतील, विद्यमान व भावी, सर्व हक्क कायमस्वरूपी’ ही ओळ करारात दिसली, तर सही करण्यापूर्वी तिच्याबद्दल विचारा आणि ती बदलून मागा.

समाजमाध्यमांशी आपला करार खाते उघडतानाच झालेला असतो. फेसबुक-इन्स्टाग्रामवर टाकलेल्या मजकुराची मालकी कंपनीकडे जात नाही. तो जगभर दाखवण्याचा, विनामोबदला परवाना तेवढा आपण देतो. ‘मी फेसबुकला माझे फोटो वापरण्याची परवानगी देत नाही’ असं भिंतीवर लिहिल्यानं हा परवाना बदलत नाही. मात्र कंपनीला दिलेला परवाना इतर सगळ्यांना मिळत नाही, त्यामुळे ‘सार्वजनिक पोस्ट होती म्हणून पुस्तकात घेतली’ हे समर्थन टिकत नाही. आपलं लिखाण दुसऱ्यानं परस्पर टाकलेलं दिसलं, तर मंचाकडे लेखी तक्रार करता येते. ती मिळाल्यावर मंचानं तो मजकूर रोखायचा असतो. एकवीस दिवसांत न्यायालयाचा आदेश आला नाही, तर तो पुन्हा खुला होऊ शकतो.

मोकळं काय आहे, याबद्दलचं अज्ञानही तितकंच दाट आहे. भारतात लेखकाच्या मृत्यूच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं हक्क टिकतो. आधी ही मुदत पन्नास वर्षं होती. रवींद्रनाथ ठाकुरांच्या साहित्यावरचा हक्क १९९१ अखेर संपणार होता, म्हणून सरकारनं ती दहा वर्षांनी वाढवली आणि त्याचा लाभ देशातल्या सगळ्याच लेखकांच्या वारसांना मिळाला. या हिशेबानं साने गुरुजींचं साहित्य १ जानेवारी २०११ पासून सर्वांचं झालं. मर्ढेकर आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर दोघेही १९५६ मध्ये गेले, त्यांनी हयातीत प्रकाशित केलेलं लेखन २०१७ पासून मोकळं आहे. सावरकरांचं लेखन १ जानेवारी २०२७ ला मोकळं होतं. अत्रे आणि अण्णा भाऊ साठे या दोघांचं निधन १९६९ चं, त्यामुळे ‘फकिरा’सारखी कादंबरी २०२९ संपेपर्यंत बांधलेली आहे. जुनं आणि दुर्मीळ म्हणून ती आपोआप मोकळी ठरत नाही. उलट ज्ञानेश्वरी मुक्त असली, तरी आजच्या एखाद्या अभ्यासकानं लिहिलेला तिचा अर्थ, टीपा, प्रस्तावना त्याच्याच असतात. परदेशातल्या मराठी मंडळांनी एक लक्षात ठेवावं: अमेरिकेत जुन्या पुस्तकांची मुदत बहुतांशी प्रकाशनापासून ९५ वर्षं अशी मोजतात. इथे मुक्त झालेलं १९३०-४० च्या दशकातलं पुस्तक तिथे अजून हक्काखाली असू शकतं.

‘सरकारी म्हणजे सर्वांचं’ हेही अर्धंच खरं. न्यायालयांचे निकाल आणि राजपत्रातला मजकूर छापायला साधारणपणे आडकाठी नाही. पण सरकारी प्रकाशनांवर साठ वर्षं सरकारचा हक्क असतो. बालभारतीचं पाठ्यपुस्तक मोफत उतरवून घेता येतं, म्हणून ते छापून विकायची परवानगी मिळत नाही. विकिपीडियाचंही असंच. तिथला मजकूर क्रिएटिव्ह कॉमन्सच्या ज्या परवान्याखाली आहे, तो विकायलासुद्धा मुभा देतो, पण दोन अटींवर: श्रेय द्यायचं, आणि त्यातून तयार केलेलं लिखाणही त्याच अटींवर इतरांना खुलं ठेवायचं. मराठी विकिपीडियावरचे लेख शब्दशः उचलून त्यांची पुस्तकं करणारे आणि वर ‘सर्व हक्क लेखकाधीन’ छापणारे या दोन्ही अटी मोडतात. स्वेच्छेनं, फुकट काम करणाऱ्या लोकांचे कष्ट त्यात बुडतात, याची मला खरोखर चीड येते.

आणि जे कायद्यानं खुलेपणानं दिलं आहे, त्याचा उपयोग निर्धास्त करावा. समीक्षेत कवितेच्या ओळी उद्धृत करायला परवानगी लागत नाही. स्वतःच्या अभ्यासासाठी लेखाची प्रत काढायला लागत नाही. अंध वाचकांसाठी पुस्तक त्यांना वाचता येईल अशा स्वरूपात आणायला कायद्यानं वाट करून दिली आहे. दिल्ली विद्यापीठातल्या छायाप्रतींच्या दुकानाविरुद्ध ऑक्सफर्ड, केंब्रिज यांसारखे प्रकाशक न्यायालयात गेले, तेव्हा अभ्यासक्रमासाठी लागणाऱ्या उताऱ्यांचे संच शिकवण्याच्या सवलतीत बसू शकतात, असं २०१६ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं म्हटलं. कल्पनेवर तर मालकी नसतेच. सर्वोच्च न्यायालयानं १९७८ मध्ये आर. जी. आनंद प्रकरणात सांगितलं की संरक्षण मांडणीला असतं. त्यामुळे दुसऱ्याच्या विषयावर स्वतःच्या शब्दांत लिहायला कुणाची हरकत चालत नाही.

मराठी प्रकाशकांना आणि दिवाळी अंकांच्या संपादकांना एक विनंती. श्रेयपानावर ‘सर्व हक्क राखीव’ एवढं छापून थांबू नका. हक्क नेमके कुणाकडे आहेत, ई-प्रत कुठे मिळते आणि उतारा वापरायचा तर कोणत्या पत्त्यावर विचारायचं, हे तीन ओळींत छापा, आणि आलेल्या पत्राला उत्तर द्या. विचारायची इच्छा असलेले वाचक खूप आहेत. कुणाला विचारायचं हे त्यांना आज कळत नाही.