चुंबक ठेवण्यापूर्वीचे प्रश्न

स्टॉकहोमजवळच्या कॅरोलिन्स्का रुग्णालयात ८ ऑक्टोबर १९५८ रोजी शल्यचिकित्सक ऑके सेनिंग यांनी आर्ने लार्सन यांच्या शरीरात पेसमेकर बसवला. सगळे यंत्र शरीराच्या आत बसवण्याची ती पहिलीच वेळ होती. अभियंते रूने एल्मक्विस्ट यांनी घडवलेले ते यंत्र काही तासांतच थांबले. लार्सन मात्र वीसहून अधिक यंत्रे बदलत २००१ पर्यंत जगले आणि ८६ व्या वर्षी गेले ते त्वचेच्या कर्करोगाने. पेसमेकर माणसाला आता इतके जगवतो की पुढे त्याला मोतीबिंदू होतो, प्रोस्टेट वाढते, खुबा मोडतो, पित्ताशयात खडे सापडतात. म्हणून पेसमेकर असलेला रुग्ण शस्त्रक्रियेच्या टेबलावर येणे ही नित्याची गोष्ट झाली आहे. तरीही त्याच्या बाबतीत दोन टोके गाठली जातात. कुठे भीतीपोटी शस्त्रक्रियाच पुढे ढकलली जाते, तर कुठे छातीवर चुंबक ठेवला की काम झाले असे मानले जाते. दोन्हींच्या मुळाशी एकच उणीव आहे: आत कोणते यंत्र आहे आणि ते कशासाठी आहे, हे कोणी विचारलेले नसते. या रुग्णाची सुरक्षितता आधी विचारलेल्या काही प्रश्नांत आहे. चुंबक हे त्यानंतर, गरज असेल तर, हाती घ्यायचे साधन आहे.

धोका कुठून येतो ते आधी पाहू. आजचा पेसमेकर आंधळेपणाने ठोके देत नाही. तो तारेच्या टोकातून हृदयाचा स्वतःचा विद्युतसंकेत ऐकत राहतो आणि ठोका चुकला तरच आपला देतो. हा संकेत जेमतेम काही मिलिव्होल्टचा असतो. शस्त्रक्रियेत रक्तस्राव थांबवण्यासाठी आणि ऊती कापण्यासाठी वापरली जाणारी कॉटरी मात्र सेकंदाला लाखो आवर्तनांची वीज शरीरातून पाठवते. विल्यम बोव्ही यांचे हे यंत्र हार्वी कुशिंग यांनी १९२६ साली बोस्टनमध्ये मेंदूच्या शस्त्रक्रियेत वापरले आणि पुढे ते सर्वत्र रूढ झाले. मोनोपोलर कॉटरीत वीज टोकापासून निघून रुग्णाच्या अंगाला लावलेल्या पॅडपर्यंत जाते. त्या वाटेत पेसमेकर किंवा त्याच्या तारा आल्या, तर कॉटरीच्या गोंगाटालाच तो हृदयाचे ठोके समजतो आणि स्वतः गप्प बसतो. रुग्णाचे हृदय पूर्णपणे यंत्रावर अवलंबून असेल, तर कॉटरी चालू असेपर्यंत नाडी थांबू शकते. मॉनिटरवरची ईसीजीची रेषा त्या वेळी कॉटरीनेच विस्कटलेली असते, त्यामुळे नाडी थांबल्याचे तिथे कळत नाही. म्हणून भूलतज्ज्ञ बोटावरच्या पल्स ऑक्सिमीटरची लहर किंवा धमनीतल्या सुईवरचा दाब पाहत राहतो. हृदय खरोखर रक्त ढकलते आहे की नाही, हे तिथेच दिसते.

चुंबकाचे काम या ठिकाणी खरेच उपयोगाचे आहे. बहुतेक पेसमेकर चुंबक जवळ येताच ऐकणे बंद करतात आणि ठरलेल्या गतीने ठोके देऊ लागतात. पण ही गती कंपनीनुसार वेगळी असते: कुठे मिनिटाला ८५, कुठे ९०, कुठे १००. बॅटरी संपत आली की ती बदलते. काही यंत्रांत चुंबकाला द्यायचा प्रतिसाद प्रोग्रॅमनेच बंद ठेवता येतो, तर काहींत तो मोजके ठोके टिकून यंत्र पुन्हा ऐकू लागते. हृदयाच्या आतच बसवल्या जाणाऱ्या बिनतारी पेसमेकरांपैकी मायक्रामध्ये चुंबक ओळखणारा भागच नाही. सगळ्यांत मोठी गफलत होते ती आयसीडीच्या बाबतीत. धोकादायक लय दिसली की झटका देणारे हे यंत्र १९८० साली पहिल्यांदा माणसात बसवले गेले, आणि आजच्या आयसीडीत पेसमेकरही असतो. त्यावर चुंबक ठेवला की सहसा झटके थांबतात, पण ठोके देण्याची पद्धत बदलत नाही. म्हणजे यंत्रावर अवलंबून असलेल्या अशा रुग्णाची नाडी कॉटरीत थांबण्याचा धोका चुंबकाखालीही तसाच राहतो. बाहेरून त्वचेखाली दोन्ही यंत्रांचा उंचवटा सारखाच दिसतो.

म्हणून शस्त्रक्रियेआधी चार गोष्टी कळायला हव्यात: यंत्र पेसमेकर आहे की आयसीडी, ते का बसवले, रुग्ण त्यावर किती अवलंबून आहे, आणि शेवटची तपासणी कधी झाली. हार्ट रिदम सोसायटी आणि अमेरिकन सोसायटी ऑफ अनेस्थेशिऑलॉजिस्ट्स यांच्या २०११ च्या संयुक्त निवेदनानुसार पेसमेकरची तपासणी गेल्या १२ महिन्यांत आणि आयसीडीची गेल्या ६ महिन्यांत झालेली असावी. उत्तरे मिळाली की बहुतेक निर्णय सोपे होतात. शस्त्रक्रिया बेंबीच्या खाली असेल तर यंत्रात ढवळाढवळ होण्याची शक्यता फार कमी असते आणि पेसमेकरचा प्रोग्रॅम बदलण्याची सहसा गरज पडत नाही. बेंबीच्या वर असेल आणि रुग्ण यंत्रावर अवलंबून असेल, तर प्रोग्रॅमर या बाहेरच्या उपकरणाने ठरलेल्या गतीची पद्धत लावून घेता येते. शक्य तिथे बायपोलर कॉटरी वापरावी, कारण तिची वीज चिमट्याच्या दोन टोकांमध्येच फिरते. मोनोपोलर लागलीच तर पॅड अशा जागी लावावा की विजेची वाट छातीतून जाणार नाही, आणि कॉटरी थोडा थोडा वेळ, मध्ये विसावा देत चालवावी. भुलेची औषधे पेसमेकरला फारशी अडचण आणत नाहीत. पण सक्सिनिलकोलीनने स्नायू थरथरले तर काही यंत्रे त्यालाही संकेत समजू शकतात, आणि श्वासाच्या गतीवरून ठोके वाढवणारा सेन्सर व्हेंटिलेटरमुळे फसून नाडी विनाकारण वेगवान करू शकतो. असा सेन्सर आहे हे आधी माहीत असेल, तर तो बंद करून ठेवता येतो.

यावर पहिला आक्षेप असा की नव्या यंत्रांना धातूचे कवच आणि चांगले फिल्टर असतात, मग एवढी धास्ती कशाला? आक्षेपात तथ्य आहे, आणि म्हणूनच केवळ पेसमेकर आहे म्हणून आवश्यक शस्त्रक्रिया टाळणे चूक आहे. पण धोका कमी होणे म्हणजे संपणे नव्हे. ज्याच्या हृदयाला स्वतःची लयच नाही, त्याच्या बाबतीत काही सेकंदांची चूकही महागात पडते. याउलट ज्याचे हृदय स्वतः व्यवस्थित चालते, त्याला सरसकट चुंबक लावून यंत्राचे ठोके हृदयाच्या ठोक्यांशी भांडायला लावणेही शहाणपणाचे नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. तालुक्याच्या रुग्णालयात प्रोग्रॅमर नसतो, तो प्रत्येक कंपनीचा वेगळा असतो, आणि आतडे फाटलेला रुग्ण थांबू शकत नाही. अशा वेळी चुंबक हाताशी ठेवून पुढे जाणे योग्यच आहे. पण तिथेही प्रश्न विचारता येतात. ईसीजीत प्रत्येक ठोक्याआधी यंत्राची रेघ दिसत असेल तर रुग्ण अवलंबून आहे असे धरून चालावे. छातीच्या एक्स-रेत तारेवर जाड गुंडाळी दिसली तर यंत्र आयसीडी आहे. बाहेरून झटका आणि ठोके देणारे यंत्र पॅड लावून सज्ज ठेवता येते. ठरवून होणाऱ्या शस्त्रक्रियेला तर ही सबब लागूच पडत नाही. तिथे कंपनीच्या तंत्रज्ञाला वेळेवर बोलावता येते किंवा रुग्णाला आधीच मोठ्या केंद्रात तपासून आणता येते.

शस्त्रक्रियेनंतरच्या तपासणीला मात्र प्रत्यक्षात सर्वांत कमी लक्ष मिळते. प्रोग्रॅम बदलला असेल तर तो पूर्ववत करायला हवा. आयसीडीचे झटके बंद केले असतील, तर ते पुन्हा सुरू झाल्याची खात्री होईपर्यंत रुग्णाला मॉनिटरवरून हलवू नये. बंद राहिलेला आयसीडी घेऊन घरी गेलेल्या माणसाला आपले संरक्षण गेले आहे हे जाणवतही नाही, आणि शस्त्रक्रिया मात्र यशस्वी झाली म्हणून नोंदली जाते. यंत्र पूर्ववत केल्याची सही असल्याशिवाय डिस्चार्जचा कागद पूर्ण मानू नये, एवढा साधा नियम ही चूक थांबवू शकतो.

या सगळ्याला मोठा खर्च किंवा दुर्मीळ कौशल्य लागत नाही. शल्यचिकित्सक, भूलतज्ज्ञ आणि हृदयरोगतज्ज्ञ यांनी एकमेकांशी वेळेवर बोलावे लागते. घरच्यांचाही यात वाटा आहे. पेसमेकर बसवल्यावर मिळणाऱ्या कार्डावर कंपनी, मॉडेल आणि तारीख असते. ते कपाटात ठेवून भागणार नाही. त्याचा फोटो रुग्णाच्या आणि घरातल्या आणखी एकाच्या मोबाइलमध्ये असावा, आणि दात काढायला गेले तरी तो आधी दाखवावा. ही माहिती डॉक्टरांच्या हातात असेल, तर चुंबक कुठे लागेल आणि कुठे पुरणार नाही हे त्यांना आधीच ठरवता येईल.