अंगठा उमटत नाही, की पोर्ट झोपला आहे?

"आजी, आज मशीन चालत नाही. उद्या या." निराधार अनुदानाचे पैसे काढायला बँक मित्राकडे गेलेल्या वृद्ध बाईला हे वाक्य ऐकावे लागते, तेव्हा तिचा एक दिवस आणि रिक्षाचे भाडे वाया गेलेले असते. घरी आल्यावर ती म्हणते, "माझ्या बोटांचे ठसेच पुसले गेलेत." कष्टाच्या हातांचे ठसे झिजतात, हे खरे आहे. पण दर वेळी दोष बोटांचाच असतो असे नाही. अंगठ्याचे यंत्र ज्या यूएसबी पोर्टला लावलेले असते, तो पोर्ट काही वेळा संगणकाने किंवा मोबाइलने वीज वाचवण्यासाठी झोपवलेला असतो. यंत्र ठीक, बोटे ठीक, खात्यात पैसेही आहेत. आणि तरी बाई रिकाम्या हाताने परतते.

शहरात एक केंद्र बंद असले तर दुसरे चार पावलांवर सापडते. रायगड जिल्ह्यात पेण आणि रोह्याच्या बाजूला गागोदे बुद्रुकसारख्या गावांत राहणाऱ्यांना तशी सोय नसते. कोकणातल्या पावसात वीज जाणे नवे नाही. वीज गेली की केंद्रावरचा लॅपटॉप बॅटरीवर जातो आणि तिथून पुढे प्रत्येक गोष्ट आखडत्या हाताने वापरू लागतो. गागोदे हे आचार्य विनोबा भावे यांचे जन्मगाव. ११ सप्टेंबर १८९५ रोजी ते इथे जन्मले. कुरआन मुळातून वाचता यावे म्हणून ते अरबी शिकले आणि पुढे त्यांनी 'कुराणसार' सिद्ध केले, हे आपल्या वाचकांना ठाऊक आहेच. ऐकीव माहितीवर न थांबता गोष्ट मुळातून समजून घ्यावी, ही त्यांची रीत घरातल्या साध्या यंत्रांनाही लावण्यासारखी आहे. म्हणून आज आपण यूएसबीची वीज मुळातून समजून घेऊ.

पाच व्होल्टचा व्यवहार

यूएसबीचा पहिला आराखडा १९९६ मध्ये आला. तो घडवण्यात ज्यांचा मोठा वाटा होता ते इंटेल कंपनीचे अजय भट्ट हे बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठाचे पदवीधर. त्याआधी माऊसची पिन वेगळी, प्रिंटरची वेगळी, कीबोर्डची वेगळी असे. यूएसबीने एकाच वायरीतून माहिती आणि वीज दोन्ही देण्याची सोय केली.

जुन्या पद्धतीच्या वायरीत चार तारा असतात. दोन तारा विजेच्या आणि दोन माहितीच्या. विजेच्या तारांवर पाच व्होल्टचा दाब असतो. यूएसबी २.० च्या नियमानुसार नव्याने लावलेल्या उपकरणाने आधी फक्त १०० मिलीअँपिअर इतकाच प्रवाह घ्यायचा असतो. मग ते संगणकाला आपली ओळख सांगते आणि किती वीज लागेल तेही सांगते. संगणकाने मान्यता दिली की ते ५०० मिलीअँपिअरपर्यंत, म्हणजे अडीच वॉटपर्यंत वीज घेऊ शकते. यूएसबी ३.० मध्ये ही मर्यादा ९०० मिलीअँपिअर झाली. पाहुण्याने दारात नाव सांगावे, घरधन्याने आत या म्हणावे, तसाच हा रिवाज आहे.

झोपवणे वेगळे, वीज तोडणे वेगळे

इथेच बहुतेकांचा गैरसमज होतो. संगणकाने एखादे यूएसबी उपकरण 'बंद' केले म्हणजे त्याची वीज तोडली, असे आपण समजतो. प्रत्यक्षात संगणक फक्त त्याच्याशी बोलणे थांबवतो. तीन मिलिसेकंद, म्हणजे सेकंदाच्या हजार भागांतले तीन भाग, वायरीवर शांतता राहिली की उपकरणाने झोपी जावे आणि अडीच मिलीअँपिअरपेक्षा जास्त प्रवाह घेऊ नये, असा यूएसबी २.० चा नियम आहे. पाच व्होल्ट मात्र वायरीवर तसेच असतात. घरात वडीलधाऱ्यांनी "आता झोपा" म्हटले की पोरे निजतात. घराचा मेन स्विच कोणी बंद केलेला नसतो.

म्हणूनच स्वस्तातला यूएसबी दिवा किंवा छोटा पंखा लॅपटॉपला लावला, तर तो सहसा सॉफ्टवेअरच्या हुकमाने विझत नाही. अशा स्वस्त वस्तूंना माहितीच्या तारा जोडलेल्याच नसतात. त्या संगणकाशी बोलत नाहीत, मग ऐकणार कशा? संगणकाच्या यादीतही त्यांचे नाव दिसत नाही.

अंगठ्याचे यंत्र हरवते कुठे?

अंगठ्याचे यंत्र मात्र बोलणारे आणि ऐकणारे असते. विंडोज संगणकात 'सिलेक्टिव्ह सस्पेंड' नावाची सोय आहे. काही काळ काम नसलेले उपकरण ती एकेकटे झोपवते. काम आले की ते जागे व्हावे, अशी अपेक्षा असते. पण काही यंत्रे नीट जागी होत नाहीत. मग पडद्यावर 'डिव्हाइस सापडत नाही' अशा अर्थाचा निरोप येतो आणि केंद्रचालक यंत्र बिघडले असे समजतो.

केंद्र चालवणारे आपले अनेक तरुण वाचक आहेत. त्यांच्यासाठी उपाय सांगतो. कंट्रोल पॅनेलमध्ये 'पॉवर ऑप्शन्स' उघडावे, चालू योजनेच्या 'अॅडव्हान्स्ड सेटिंग्ज'मध्ये 'यूएसबी सेटिंग्ज' शोधावे आणि 'यूएसबी सिलेक्टिव्ह सस्पेंड' हे 'डिसेबल्ड' करावे. तिथे दोन ओळी असतात, एक बॅटरीसाठी आणि एक विजेवर चालतानासाठी. वीज गेल्यावर अडणारे केंद्र असेल तर बॅटरीची ओळ विसरू नये. काही नव्या लॅपटॉपांत ही ओळ दिसत नाही. तिथे 'डिव्हाइस मॅनेजर'मध्ये 'यूएसबी रूट हब'वर जाऊन 'पॉवर मॅनेजमेंट'च्या पानावरची, वीज वाचवण्यासाठी संगणकाला हे उपकरण बंद करू देण्याच्या परवानगीची खूण काढावी. याशिवाय यूएसबीच्या सेटिंगमध्ये पडदा बंद असताना बॅटरी वाचवण्यासाठी उपकरणे थांबवण्याची एक खूण असते, तीही काढावी. बॅटरी थोडी लवकर उतरेल, पण दारातला माणूस परत जाणार नाही.

लिनक्स वापरणाऱ्यांकडे हीच किल्ली साध्या मजकुराच्या रूपात असते. प्रत्येक उपकरणाच्या 'पॉवर' फोल्डरमध्ये 'कंट्रोल' नावाची फाइल असते. तिच्यात 'ऑटो' लिहिले तर उपकरण झोपू शकते, 'ऑन' लिहिले तर जागे राहते.

मोबाइलमधले दहा मिनिटांचे घड्याळ

गावोगाव फिरणारे बँक मित्र अनेकदा लॅपटॉपऐवजी मोबाइललाच अंगठ्याचे यंत्र लावतात. त्या जोडणीला ओटीजी म्हणतात. इथे यंत्राला वीज मोबाइलची बॅटरी देते. काही कंपन्यांच्या मोबाइलमध्ये ओटीजीसाठी सेटिंगमध्ये वेगळे बटण असते आणि दहा मिनिटे वापर झाला नाही तर ते आपोआप बंद होते. एका घरून दुसऱ्या घरी जाईपर्यंत दहा मिनिटे सहज उलटतात. पुढच्या घरी यंत्राचा दिवा लागत नाही आणि "मशीन गेले" अशी ओरड होते. अशा वेळी सेटिंगमध्ये 'ओटीजी' शोधून ते पुन्हा सुरू करावे. मोबाइलची बॅटरी फार उतरलेली असेल तर आधी तिची सोय पाहावी.

खरोखर वीज तोडायची असेल तर

संगणकावरून हुकूम देऊन एखाद्या पोर्टची वीज खरोखर तोडता येते का? येते, पण त्या पोर्टमागे तसा स्विच बसवलेला असेल तरच. एक पोर्ट अनेकांत वाटून देणाऱ्या डबीला हब म्हणतात. यूएसबीच्या नियमांत हबसाठी दोन पद्धती आहेत: प्रत्येक पोर्टला स्वतंत्र स्विच, किंवा सगळ्यांना मिळून एकच. खर्च वाचवण्यासाठी बाजारातल्या अनेक हबांत कोणताच स्विच नसतो. काही हब तर हुकूम मान्य केल्याचे कळवतात, पण दिवा जळतच राहतो.

ज्यांना प्रयोगाची हौस आहे त्यांच्यासाठी 'यूहबसीटीएल' नावाचा मोफत प्रोग्राम आहे. ज्या हबमध्ये खरा स्विच आहे, त्याचा पोर्ट तो एका ओळीच्या हुकमाने चालू-बंद करतो. शाळा-कॉलेजात लोकप्रिय असलेल्या रास्पबेरी पाय ४ या छोट्या संगणकात चारही यूएसबी पोर्ट एकाच स्विचवर आहेत. बंद केले तर चारही बंद होतात. अडकलेले मोडेम किंवा कॅमेरा दूरवरून बंद करून पुन्हा चालू करण्यासाठी ही युक्ती कामाची आहे. घरच्या दिव्या-पंख्यासाठी मात्र वायरीवर बटण असलेली साधी केबल घ्यावी. ती कधी खोटे बोलत नाही.

लॅपटॉप बंद करूनही यूएसबीचा दिवा जळतो, अशीही अनेकांची तक्रार असते. हा बिघाड नव्हे. बंद लॅपटॉपवरून मोबाइल चार्ज करता यावा म्हणून काही पोर्ट मुद्दाम जागे ठेवलेले असतात. बायोसच्या सेटिंगमध्ये ही सोय बंद करता येते.

लग्नाचे फोटो, आखातात असलेल्या मुलाची कागदपत्रे, मुलांचे दाखले हे सगळे आज पेनड्राइव्ह आणि हार्ड डिस्कवर असते. फाइल जात असताना वायर ओढली तर विजेबरोबर फाइलही तुटते. २०१८ च्या ऑक्टोबरच्या आवृत्तीपासून विंडोजने पेनड्राइव्ह चटकन काढण्याची पद्धत मूळ मानली आहे, तरीही 'इजेक्ट' करूनच काढणे शहाणपणाचे. 'इजेक्ट' केल्यावरही दिवा जळत राहिला तर घाबरू नये. बोलणे संपले आहे, फक्त पाच व्होल्ट अजून आहेत.

केंद्रावर उभे असताना

"मशीन चालत नाही" ऐकल्यावर लगेच परतू नये. पडद्यावर काय लिहून आले आहे, हे अदबीने विचारावे. उपकरण सापडत नाही असे असेल, तर दोष पोर्टचा, वायरीचा किंवा यंत्रासोबतच्या 'आरडी सर्व्हिस' या प्रोग्रामचा असू शकतो. "वायर काढून दुसऱ्या पोर्टला लावून पाहता का, बेटा?" एवढे विचारायला शिक्षण लागत नाही. ठसा जुळत नाही असे असेल, तर बोट पुसून दुसरे बोट द्यावे. आधार पडताळणीला दहाही बोटे चालतात.

आणि शेवटची गोष्ट सर्वांत महत्त्वाची. यंत्र झोपलेले असताना लावलेला अंगठा कुठेच जात नाही. पण यंत्र जागे असेल, तर प्रत्येक अंगठा हा एक व्यवहार असू शकतो. "घेतला नाही, पुन्हा लावा" असे म्हटले, तर आधी कारण विचारावे, पावती मागावी आणि खात्यातली शिल्लक तपासून मगच पुन्हा अंगठा द्यावा. घरातल्या सुशिक्षित मुलामुलींनी महिन्यातून एकदा नानी-दादीबरोबर केंद्रावर जावे. पडद्यावरची ती एक ओळ त्यांनी वाचून दाखवली, तर म्हातारीचा एक हेलपाटा वाचेल आणि कदाचित तिचे पैसेही.