काकोडकर वाचायचे, पण लपवून!

कसबा बावड्यात आमच्या वाचणाऱ्या मंडळींत एक वाद कायम रंगतो. कादंबरीत प्रणय, विनोद आणि खून एकत्र आले की निम्मे म्हणतात, ‘लई भारी’. बाकीचे वैतागतात. रहस्यवाल्यांना मिठीची पानं आडवी येतात, प्रणयवाल्यांना पोलीस नकोसे वाटतात.

रहस्याला मराठीत तशी सहज माफी मिळाली. बाबुराव अर्नाळकरांचा ‘झुंजार’ घरात उघड्यावर वाचला जायचा. प्रणयाचं मात्र प्रकरण कोर्टात गेलं! चंद्रकांत काकोडकरांची ‘शामा’ ही कथा ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात आली. एक कवी आणि त्याच्या आयुष्यातल्या तीन स्त्रिया, एवढाच ऐवज. एका वाचकाने थेट अश्लीलतेचा खटला भरला. पुण्याच्या न्यायदंडाधिकाऱ्यांनी सोडलं, उच्च न्यायालयाने दोषी धरून २५ रुपये दंड केला, आणि १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निर्दोष ठरवलं. न्यायालयाचं म्हणणं साधारण असं: लेखन उच्च दर्जाचं नसेल, काही जागी अभिरुचीहीनही असेल, पण तेवढ्यानं ते अश्लील ठरत नाही, कथा सबंध वाचून, आजच्या समाजाच्या मापानं तोलायची. मला हा निकाल अनेक समीक्षांपेक्षा समंजस वाटतो.

गंमत बघा, त्याच वर्षी काकोडकरांच्या ‘नीलांबरी’वरून ‘दो रास्ते’ हा हिंदी सिनेमा आला. तो मात्र सगळं घर मिळून बघायला गेलं.

प्रणय आणि रहस्य दोन्ही हवं असेल तर सुहास शिरवळकर घ्या. पहिली पन्नास पानं वाचूनच भांडायला या.